झाकल्या मुठीतली चौदा मिनिटं

पत्राचा गोषवारा: पत्रलेखक ५४ वर्षांचे आहेत. गेली २६ वर्षं ते बीटल्स या ब्रिटिश बँडची प्रसिद्ध न झालेली स्टुडिओतली ध्वनिमुद्रणं जमवतात. त्यात अर्धवट टेक (गाणं मुद्रित करण्याचे एकेक प्रयत्न) आहेत, डेमो आहेत, कच्ची मिक्स आहेत, दोन टेकमधल्या गप्पाही आहेत. कॅसेट, सीडी आणि तीन हार्ड डिस्क मिळून हजाराच्या वर तास भरतील. २००१ मध्ये एका ज्येष्ठ संग्राहकाने ‘तुझ्यापुरता ठेव’ असं बजावून त्यांना ‘व्हाइट अल्बम’च्या वेळचा एक टेक दिला. तो त्यांनी १७ वर्षं कोणालाच ऐकवला नाही. २०१० च्या सुमारास एका तरुण मुलाने विचारलं, तेव्हा ‘माझ्याकडे नाही’ असं सांगितलं. २०१८ मध्ये अल्बमच्या पन्नाशीनिमित्त निघालेल्या बॉक्स सेटमध्ये तोच टेक लख्ख आवाजात सगळ्यांना खुला झाला. ‘आनंद व्हायला हवा होता, पण घर फोडल्यासारखं वाटलं,’ असं ते लिहितात. तेव्हापासून ऐकण्यातली मजा गेली आहे. आता एक ओळखीचा माणूस त्यांना ‘कार्निव्हल ऑफ लाइट’ची फाइल देऊ करतो आहे. तो दोन महिन्यांचा पगार मागतो, आधी ऐकवायला तयार नाही, आणि घेतल्यावर कोणाकडे बोलायचं नाही अशी त्याची अट आहे. पत्नीला यातलं काही माहीत नाही. ती फक्त विचारते, ‘एकच गाणं सतरा वेळा कशाला ऐकायचं?’ त्यांचे प्रश्न दोन: ही फाइल घ्यावी का, आणि ऐकण्यातली मजा का गेली?

नमस्कार,

घेऊ नका. एरवी मी आधी चार गोष्टी बोलून मग मुद्द्यावर येतो, पण तुमचं पत्र वाचून मला धास्ती वाटली की माझं लांबण संपेपर्यंत तुम्ही पैसे पाठवूनही मोकळे व्हाल. तेव्हा हा प्रश्न आधी मिटवू. मला बोलायचंय ते खरं तर तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर.

‘कार्निव्हल ऑफ लाइट’ म्हणजे काय, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत असेल. इतर वाचकांसाठी थोडक्यात सांगतो. ५ जानेवारी १९६७ रोजी लंडनच्या ॲबी रोडवरच्या ईएमआय स्टुडिओत बीटल्सनी आधी ‘पेनी लेन’चं गायनाचं काम केलं आणि मग पॉल मॅकार्टनीच्या पुढाकाराने जवळपास चौदा मिनिटांचा एक प्रयोग ध्वनिमुद्रित केला. त्याला चाल नाही, कडवी नाहीत. ड्रम, ऑर्गन, विव्हळणारी गिटार, प्रतिध्वनी आणि मधूनमधून जॉन लेनन व पॉल यांचं ओरडणं, एवढाच ऐवज. लंडनच्याच राउंडहाउसमध्ये त्या महिन्याच्या शेवटी आणि फेब्रुवारीच्या सुरुवातीला झालेल्या एका प्रकाश-ध्वनी कार्यक्रमासाठी ते केलेलं होतं. तिथे ते वाजलं, आणि नंतर पेटाऱ्यात गेलं ते गेलंच. नव्वदच्या दशकात ‘अँथॉलॉजी’ ही अप्रकाशित मुद्रणांची अधिकृत मालिका निघाली तेव्हा पॉलला ते घ्यायचं होतं, पण बाकीच्यांना पटलं नाही. २०१७ मध्ये ‘सार्जंट पेपर’ या अल्बमचा मोठा बॉक्स सेट निघाला, त्यातही ते नव्हतं.

अर्थात संग्राहकांच्या जगात याला परिसाचं मोल आलं. आता तुम्ही विकणाऱ्याच्या जागी बसून बघा. ज्यांनी ते खरोखर ऐकलंय ती माणसं बोटांवर मोजण्याएवढी. त्यातले मार्क लुईसन यांनी १९८८ मध्ये बीटल्सच्या ध्वनिमुद्रणांचा दिवसवार इतिहास लिहिला, त्यात चारही ट्रॅकवर काय काय आहे याचं वर्णन छापलेलं आहे. म्हणजे मूळ पदार्थ कोणी चाखलेला नाही, पण पाककृती सगळ्यांकडे आहे. वर त्यात ओळखीचं गाणं नाही, त्यामुळे ‘इथे सूर चुकलाय’ असं बोट ठेवायला जागा नाही. जुना ऑर्गन, थोडी आरडाओरड, भरपूर प्रतिध्वनी आणि एक मोकळी दुपार मिळाली की कोणालाही करता येईल. केलंही आहे, या नावाच्या बनावट फायली इंटरनेटवर कितीतरी वर्षं फिरत आहेत. बीटल्सची नक्कल करायला यापेक्षा सोपी चीज दुसरी नाही, आणि तुम्हाला नेमकी तीच देऊ केली गेली आहे.

आता त्या दोन अटींकडे या. आधी ऐकवणार नाही, नंतर बोलायचं नाही. सुट्या वाचल्या तर त्यामागे एखादा सावध माणूस दिसतो. एकत्र वाचा. घेण्याआधी तुम्ही तपासू शकत नाही आणि घेतल्यावर दुसरं कोणी तपासू शकत नाही. ती फाइल खरी की खोटी हे ठरायची वेळच येऊ नये, असा हा बंदोबस्त आहे. तुम्ही याला ‘दुर्मीळ वस्तूची स्वाभाविक गुप्तता’ म्हटलंय. मला ती गुप्तता वस्तूपेक्षा विकणाऱ्याला जास्त जपताना दिसते. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. इथे मूठ त्याची आहे आणि सव्वा लाख तुमचे.

हे मी उंटावर बसून सांगत नाही. मीही एकदा टपालाने एक सीडी मागवली होती. वर लिहिलं होतं, ‘१९६५, गायनाविना, अप्रकाशित’. आठवडाभर मी हरखून ऐकत होतो. मग एका रात्री हेडफोनची एक बाजू बंद पडली आणि माझा स्वतःचाच जुना, रीतसर विकत घेतलेला स्टीरिओ अल्बम हुबेहूब त्या ‘अप्रकाशित’ टेकसारखा वाजू लागला. त्या काळच्या स्टीरिओ मिक्समध्ये बऱ्याचदा गाणारे एका बाजूला आणि वाद्यं दुसऱ्या बाजूला असत. विकणाऱ्याने एक बाजू काढून टाकली होती, बाकी काही नाही. पैसे गेल्याचं दुःख लवकर ओसरलं. आठवडाभर मी त्यात ‘काहीतरी वेगळं’ ऐकत होतो, ते मात्र अजून बोचतं.

तेव्हापासून काही गोष्टी मी पाळतो, त्या इतर वाचकांनाही उपयोगी पडतील. पहिला प्रश्न नेहमी एकच विचारायचा: हे कुठून आलं? स्टुडिओतून कोणाकडे, त्याच्याकडून कोणाकडे, कॅसेटवर की रीळवर की अ‍ॅसिटेटवर, आणि मधे किती प्रती झाल्या? खरा संग्राहक या प्रश्नाने खूश होतो आणि तासभर बोलतो. खोटा चिडतो. अ‍ॅसिटेट म्हणजे ॲल्युमिनियमच्या चकतीवर लॅकर या रोगणाचा थर देऊन कापलेली तात्पुरती तबकडी. ती प्रत्येक वाजवणीत झिजते, त्यामुळे ‘अ‍ॅसिटेटवरून घेतलं’ असं सांगितलेल्या फाइलमध्ये एकही खरखर नसेल तर एक तर कोणीतरी ती पुसली आहे किंवा अ‍ॅसिटेट नव्हतंच. टेपची प्रत-वर-प्रत होत गेली की दर वेळी थोडी सळसळ चढते आणि वेगही इकडेतिकडे होतो. चौथ्या पिढीची प्रत असल्याचं सांगून कोणी आरशासारखा आवाज ऐकवला तर कान टवकारावेत.

वारंवारतांचं चित्र दाखवणारे स्पेक्ट्रोग्राम फुकट काढता येतात, तेही बघावं. फ्लॅक (आवाजातलं काहीही न गाळता साठवणारी) फाइल असून सोळा हजार हर्ट्झच्या आसपास सगळं कडेलोट झाल्यासारखं संपत असेल, तर ती फाइल बहुधा कधीतरी एमपीथ्रीच्या चरकातून गेली आहे. पण हे चित्र फक्त प्रतीबद्दल बोलतं, खरेपणाबद्दल नाही. हुशार बनावटखोर आपला माल आधी जुन्या टेप रेकॉर्डरवर उतरवतो आणि मग संगणकावर घेतो. त्याचं चित्र सुंदर येतं.

आणि एक नवा रोग आहे. २००९ मध्ये बीटल्सवर व्हिडिओ गेम निघाला, त्यातून सुटे ट्रॅक लोकांच्या हाती लागले. आता तर कोणत्याही तयार गाण्यातून आवाज, गिटार, ड्रम वेगळे करणारी साधनं घराघरांत आहेत. गेट बॅक माहितीपटाच्या वेळी ज्या तऱ्हेच्या तंत्राने एकाच मोनो टेपमधले आवाज सुटे केले, आणि २०२३ मध्ये ‘नाऊ अँड देन’ या गाण्यासाठी जुन्या घरगुती कॅसेटमधून लेननचा आवाज पियानोपासून सोडवला, त्याची ही धाकटी भावंडं. त्यामुळे ‘फक्त गिटारचा टेक’ किंवा ‘वेगळ्या शेवटाचं मिक्स’ अशा नावाने जे येतं त्यातलं पुष्कळ कोणाच्या तरी टेबलावर गेल्या महिन्यात तयार झालेलं असतं. संग्राहक त्याला ‘आउटफेक’ म्हणतात. ऐकायला काही हरकत नाही, पण वेगळ्या फोल्डरात ठेवा.

कायद्याचं एवढंच, की ‘कार्निव्हल’चं मुद्रण ज्यांचं आहे त्यांनी ते कोणाला विकलेलं नाही, मग तुमचा माणूस नेमकं काय विकतो आहे? फाइल खोटी निघाली तर तुम्ही तक्रार कुठे करणार? आणि खरी निघाली तर आणखीच पंचाईत, कारण मग ती कोणाच्या तरी कपाटातून न विचारता बाहेर आली आहे. १९६९ च्या ‘गेट बॅक’ ध्वनिमुद्रणांच्या, चोरीला गेलेल्या मूळ टेप तुम्हाला आठवत असतील. जानेवारी २००३ मध्ये पोलिसांनी त्यातल्या सुमारे पाचशे रिळा पकडल्या, तेव्हा काही लोकांना अटकही झाली. तुमच्या छंदातली जुनी माणसं अदलाबदल करायची, फार तर कोऱ्या कॅसेटचे आणि टपालाचे पैसे घ्यायची, पण विकत नसत. यामागे केवळ साधेपणा नव्हता, शहाणपणही होतं. पैसा आला की खरं-खोटं ठरवणाऱ्या माणसालाच खोटं सांगण्यात फायदा होऊ लागतो.

एवढं झालं तुमच्या पहिल्या प्रश्नाचं. आता दुसरा.

तुमच्या पत्रात एक गंमत आहे, ती तुमच्या लक्षात आली आहे का? ‘व्हाइट अल्बम’च्या वेळचा तो टेक नेमका कोणत्या गाण्याचा, हे तुम्ही मला लिहिलेलंच नाही. ‘एक टेक’ एवढंच. तो २०१८ पासून दुकानात मिळतो, कोणीही घरबसल्या ऐकतो, आणि तुम्ही अजून त्याचं नाव घेत नाही! मी हसलो, पण मग जरा थांबलो. रिकाम्या हंड्यावर नाग बसून राहावा तसं काहीतरी तुमच्या हातून होतंय. आतलं धन सगळ्यांना वाटून झालं, पण राखायची सवय सुटलेली नाही.

तुमचं गृहीत असं दिसतं, की त्या टेकची किंमत तो फक्त तुमच्याकडे असण्यात होती, आणि ती गेली म्हणून मजा गेली. मला हे पुरतं पटत नाही. तसं असतं तर ‘अँथॉलॉजी’ आली तेव्हाच तुमच्यासारख्यांचा छंद संपायला हवा होता. १९९५ आणि १९९६ मध्ये तीन भागांत कितीतरी गोष्टी अधिकृतपणे बाहेर आल्या आणि तुम्ही तर त्यानंतर जमवायला सुरुवात केली. उलट तेव्हा लोकांची भूक वाढली. २०१३ मध्येही तेच झालं. युरोपात कायदा बदलला, पन्नास वर्षांत प्रसिद्ध न केलेल्या मुद्रणांवरचा हक्क जाण्याची वेळ आली आणि डिसेंबरात १९६३ ची ५९ मुद्रणं एकगठ्ठा ऑनलाइन विकायला ठेवली गेली. मला ओळखीच्या संग्राहकांचे तेव्हाचे चेहरे आठवतात. लहान मुलांसारखे होते.

मग २०१८ मध्ये तुमच्याच पोटात का दुखलं? तुमच्या पत्राच्या शेवटून तिसऱ्या ओळीत, जाता जाता लिहावं तशी, त्या मुलाची गोष्ट आहे. त्याने विचारलं आणि तुम्ही ‘माझ्याकडे नाही’ म्हणालात. पत्रात बाकी कुठेही तुम्ही स्वतःला दोष दिलेला नाही, पण त्या ओळीनंतर तुम्ही लिहिलंय, ‘त्याने नंतर कधी फोन केला नाही’. मला शंका येते ती इथे. जोवर तो टेक गुप्त होता तोवर ते खोटं बोलणं दिलेल्या शब्दासाठी होतं, म्हणून ते खपून गेलं. ज्या दिवशी टेक दुकानात आला त्या दिवशी शब्दाचा आडोसा गेला आणि खोटं तेवढं उरलं. तुमचं घर कोणी फोडलं नाही. कपाट उघडलं आणि आत काय होतं ते तुम्हीच पाहिलंत.

कदाचित मी चुकत असेन. पत्रावरून माणूस वाचणं हा धोक्याचा धंदा आहे. पण पडताळून पाहायला सोपं आहे. त्या मुलाला (आता तो मुलगा राहिला नसेल) चार ओळी लिहा. ‘तू तेव्हा विचारलं होतंस तो टेक माझ्याकडे होता. मी शब्द दिला होता म्हणून नाही म्हणालो. माझ्याकडे आहे पण देता येत नाही, असं सांगायला हवं होतं.’ बस. माफीचं निबंधलेखन नको. तो उत्तर देईल किंवा देणार नाही. हे लिहिताना हात जड झाला तर माझा अंदाज बरोबर होता असं समजा.

आणि इतरांसाठीही ते शेवटचं वाक्य लक्षात ठेवण्याजोगं आहे. या छंदात ‘देता येत नाही’ असं म्हणण्याची वेळ येतेच, कारण कोणीतरी विश्वासाने काही दिलेलं असतं. दिलेला शब्द पाळावा. त्या ज्येष्ठ संग्राहकाला दिलेला शब्द तुम्ही पाळलात, याबद्दल मला तुमचा आदर वाटतो. पण शब्द तो टेक कोणाला न देण्याचा होता, नाकारण्याचा नव्हता. आता जो माणूस तुम्हाला ‘कार्निव्हल’ विकतोय तो तुमच्याकडून दुसऱ्या प्रकारचा शब्द मागतोय. उद्या कोणी विचारलं की पुन्हा ‘नाही’ म्हणायचं, या वेळी पैसे मोजून. आणि पत्नीपासून तर ते आत्ताच सुरू झालंय.

तुम्ही असंही लिहिलंय, की आता बॉक्स सेट येतच राहणार, मग या हजार तासांना अर्थ काय. इथे मात्र मी तुमच्या संग्रहाच्या बाजूने भांडणार आहे.

अधिकृत प्रकाशन म्हणजे निवड, आणि निवडीत कात्री आली. ‘अँथॉलॉजी’मधली काही गाणी वेगवेगळ्या टेकचे तुकडे जोडून बनवलेली आहेत, ‘अ डे इन द लाइफ’चं तिथलं रूप तसंच आहे. ऐकायला ते अप्रतिम वाटतं, पण तसं ते स्टुडिओत एका बैठकीत कधीच वाजलं नव्हतं. म्हणजे प्रेमाने केलेला अधिकृत ‘आउटफेक’च की! तुमच्याकडची सळसळणारी प्रत कदाचित अखंड असेल. त्यात फसलेली सुरुवात, खोकला, कोणीतरी गिटार जुळवताना दुसऱ्याने मारलेली कोपरखळी आणि कंट्रोल रूममधून पुकारलेला टेक नंबर असेल. बॉक्स सेटमध्ये यातलं बरंचसं जागेअभावी जातं. जानेवारी १९६९ चंच बघा. आधी ट्विकनहॅमच्या चित्रपट स्टुडिओत आणि मग सॅव्हिल रोवरच्या बीटल्सच्या ॲपल कंपनीच्या तळघरात चित्रीकरणासाठी सतत टेप चालू होत्या. दिग्दर्शक पीटर जॅक्सनच्या हाती सुमारे दीडशे तासांचा आवाज आला आणि त्यातून २०२१ मध्ये जवळपास आठ तासांचा ‘गेट बॅक’ माहितीपट झाला. उरलेल्या तासांत कंटाळा आहे, चहा आहे, एकाच ओळीवर अडून बसणं आहे. मला विचाराल तर चार माणसं एकत्र काम कशी करतात आणि कशी करेनाशी होतात हे त्या कंटाळ्यातच जास्त कळतं.

कलाकाराने टाकून दिलेलं ऐकावं का, हा प्रश्न मला दरवेळी कोणीतरी विचारतं. मी त्यात फार अडकत नाही. खाजगी टिपण आणि स्टुडिओतला टेक यांत फरक आहे, आणि जे हक्कदारांनी खुलं केलंय ते ऐकायलाच एक जन्म पुरणार नाही.

तेव्हा फेकू नका, पण नीट लावा. तुमच्या हार्ड डिस्कवर ‘रेअर’, ‘रेअर २’, ‘रेअर नवीन’ अशी फोल्डर असणार. असतातच. त्याऐवजी तारीख, स्टुडिओ, गाणं, टेक नंबर असं नाव द्या आणि प्रत्येक फोल्डरात एक साधी मजकुराची फाइल ठेवा: ही प्रत कोणाकडून, कधी आली, त्याआधी कुठे होती, मी तिला काय केलं. मूळ प्रतीला काहीही करू नका. वेग दुरुस्त करायचा, सळसळ काढायची ते तिच्या नकलेवर. आज जो आवाज काढून टाकाल तो दहा वर्षांनी चांगलं तंत्र आलं तरी परत आणता येणार नाही. जागा वाचवायला फ्लॅकचं एमपीथ्री करून मूळ पुसणारे लोक मी पाहिले आहेत. त्यांच्याविषयी काही न बोललेलं बरं.

घरी स्वतः लिहिलेल्या सीडी असतील तर त्या आधी उतरवून घ्या, त्यांचा भरवसा नसतो. कॅसेट त्यानंतर. एखादी रीळ असेल, विशेषतः सत्तर-ऐंशीच्या दशकातल्या टेपवरची प्रत, तर उत्सुकतेपोटी यंत्रावर चढवू नका. त्या काळच्या काही टेपचा चिकट थर दमटपणाने सुटतो, यंत्राच्या हेडवर लेप बसतो आणि टेप किंचाळत थांबते. जाणकार लोक ती मंद उष्णतेत काही तास ठेवून तात्पुरती वाजवण्याजोगी करतात. ते काम त्यांचंच, घरच्या भट्टीचं नाही. डिस्क तीन आहेत म्हणता, पण तिन्ही एकाच कपाटात असतील तर ती एकच डिस्क समजा. एक दुसऱ्या घरात ठेवा.

आणि दोन पानांची एक चिठ्ठी लिहा: कपाटात काय आहे, कोणाला विचारायचं, काय कोणाला द्यायचं नाही आणि का. तुम्ही गेल्यावर घरच्यांना ‘हे काय आहे’ असा प्रश्न पडला तर सगळं एका दुपारी भंगारात जातं. जुन्या संग्राहकांच्या बाबतीत हे वारंवार झालंय. ही चिठ्ठी पत्नीला न सांगता लिहिता येणार नाही हे मला माहीत आहे. म्हणूनच सुचवतोय.

त्या विचारतात, ‘एकच गाणं सतरा वेळा कशाला?’ तुम्हाला तो टोमणा वाटतो. मला तो अगदी रास्त प्रश्न वाटतो, आणि २६ वर्षांत तुम्ही त्याचं उत्तर दिलेलं दिसत नाही. एकदा देऊन बघा, पण सतरा वेळा नको, चारदाच. आणि सगळं रीतसर प्रसिद्ध झालेलंच ऐकवा, म्हणजे त्या दिवशी तरी काही लपवायचं राहणार नाही.

‘स्ट्रॉबेरी फील्ड्स फॉरएव्हर’ काढा. आधी २४ नोव्हेंबर १९६६ चा पहिला टेक ऐकवा. किती साधा आणि हळवा आहे बघा. तो तसाच ठेवला असता तरी कोणी तक्रार केली नसती. मग सातवा टेक, जास्त भरलेला. मग सव्विसावा, पूर्ण नव्याने केलेला, जोरकस, ट्रंपेट आणि चेलो असलेला. २०१७ च्या ‘सार्जंट पेपर’च्या मोठ्या संचात हे सगळे आहेत. लेननला सातव्याची सुरुवात आवडली आणि सव्विसाव्याचा पुढचा भाग. दोन्ही जोडा म्हणाला. दोघांचा वेग वेगळा, पट्टी वेगळी. निर्माता जॉर्ज मार्टिन आणि ध्वनिमुद्रक जेफ एमरिक यांनी टेपचा वेग कमी-जास्त करून पाहिला तर नशिबाने दोन्ही जुळले, आणि २२ डिसेंबरला कात्रीने कापून ते चिकटवले. हे सगळं पत्नीला सांगा, आणि शेवटी रेकॉर्डवर आलेलं गाणं लावा. सांधा साधारण एका मिनिटाच्या आसपास आहे. नेमकी जागा मात्र सांगू नका. त्यांची त्यांना सापडते का बघा.